पाहुण्यांना काटा फुटतो

खडीपूरहून क्लायंट येणार हे कळल्यावर आमच्या कंपनीत पहिला प्रश्न निघाला तो जेवणाचा. व्हेज की नॉनव्हेज. हणमंतरावांनी फोनवर विचारून सांगितलं की ते जेवत नाहीत, नुसते वाढतात. हे ऐकून कँटीनवाला नाराज झाला, बाकी कोणाला काही वाटलं नाही. त्या काळात बंगळूरच्या इलेक्ट्रॉनिक सिटीत क्लायंटबद्दल आश्चर्य वाटून घ्यायची पद्धत नव्हती.

खडीपूर हा ग्रह आहे. आमच्यातले निम्मे लोक ते टेक्सासच्या आसपास समजत होते, म्हणून आधीच सांगून टाकतो. त्याचं खरं नाव म्हणजे एक गुणगुण आहे. ती ऐकली की दाढेतलं सिमेंट दुखतं. तिथली माणसं, म्हणजे माणसं नव्हेत पण दुसरा शब्द नाही, खडीसाखरेसारखी दिसतात असं कळल्यावर हणमंतरावांनी खडीपूर हे नाव दिलं आणि फाइलवर तेच चढलं. सन दोन हजार जवळ येत होतं. जगात ज्याच्या ज्याच्या सालाचं काही बिनसलं होतं तो बंगळूरला फोन करत होता. खडीपूरच्या कॅलेंडरातही सालाला जागा पुरत नव्हती. काम आमच्याकडे आलं.

हणमंतराव आमचे ॲडमिन मॅनेजर. त्यांचे पूर्वज तीनशे वर्षांपूर्वी घोड्यावर बसून बंगळूरला आले आणि परत जायचं राहून गेलं. घरात मराठी बोलतात, पण मधल्या काळात तिच्यात इतकं कन्नड मुरलंय की माझ्यासारख्या पुण्याच्या माणसाला आधी वास ओळखीचा वाटतो, अर्थ मागून येतो. खडीपूरचा पहिला फोन आला तेव्हा ते दुसऱ्या फोनवर बायकोशी कढीपत्त्याबद्दल बोलत होते. इकडच्या रिसीव्हरमध्ये नुसती गुणगुण. त्यांनी तोंडात असलेल्या भाषेतच सांगितलं, "स्वल्प थांबा, अण्णा."

स्वल्प म्हणजे थोडंसं. खडीपूरला थोडंसं म्हणजे किती, याची कोणाला कल्पना नव्हती. फोन चालू राहिला. गणपती झाले, पावसाळा संपला, आणि एका दुपारी रिसीव्हरमधून आवाज आला, "थांबलो."

तिथून त्यांची दोस्ती जमली. वर्षभर हणमंतराव रोज डब्यानंतर फोनवर बसत. पलीकडचा गुणगुणत, अडखळत, त्यांच्याच घरातली मराठी शिकला. स्वल्प, अण्णा आणि बरं या अर्थाचं सरी यांच्यासकट. एकदा घड्याळ समजावताना हणमंतरावांनी काटा हा शब्द सांगितला. पलीकडून आनंदाची गुणगुण झाली. काटा आमच्याकडेही आहे, तो म्हणाला. आम्ही वर्षं मोजत नाही. जपून ठेवावं असं काही घडलं की अंगाला एक काटा फुटतो. तो फुटला की वर्ष झालं.

हे ऐकून प्रोजेक्ट मॅनेजर सुचेता मॅडम दोन मिनिटं डोळे मिटून बसल्या. कारण आमचं सगळं सॉफ्टवेअर तीनशे पासष्ट दिवसांवर उभं होतं. मॅडम नागपूरच्या. उन्हाळा सोसलेल्या बाईला सहसा काही वाटत नाही, त्या दिवशी वाटलं. मग त्यांनीच सुचवलं की क्लायंटला इथे बोलवावं, समोरासमोर बोलू.

पाहुणे, म्हणजे फोनवरचे ते एकटेच, जानेवारीत आले, संक्रांतीच्या थोडे आधी. कसे आलात असं विचारल्यावर म्हणाले, पडत आलो. होसूर रोडपलीकडच्या नाचणीच्या शेतातून हणमंतरावांनी त्यांना कंपनीच्या व्हॅनमधून आणलं, मांडीवर धरून. नारळाएवढे होते. पांढरे नव्हे, पारदर्शकही नव्हे. पाहताना नजर आत जायची आणि आतच कुठेतरी राहायची. अंगभर बारीक काटे, आणि प्रत्येक काट्याच्या टोकाला आपापला वेगळा उजेड. गेटवरच्या वॉचमननं न सांगता सलाम ठोकला. तो एमडींनाही ठोकत नसे.

औक्षणाला हणमंतरावांच्या पत्नी भाग्यलक्ष्मी अक्का बनशंकरीच्या घरून आल्या होत्या. हार-कुंकू आणतेच, पन्नीरही आणते, असं त्यांनी आदल्या दिवशी कळवलं होतं. त्यामुळे दिल्लीकडची मुलं जेवणाच्या आशेनं कॉन्फरन्स रूममध्ये गोळा झाली. पन्नीर म्हणजे गुलाबपाणी. अक्कांच्या माहेरची चांदीची गुलाबदाणी होती, उंच मानेची. त्यांच्या घरात तिचं पाणी अंगावर पडल्याशिवाय पाहुणा आला असं धरतच नाहीत.

पाहुण्यांना ठेवायला कँटीनची काचेची पसरट थाळी आणली. ती कुठे ठेवायची यावर चर्चा झाली आणि शेवटी टेबलावर एकच मोकळी जागा सापडली, ओव्हरहेड प्रोजेक्टरची काच. मॅडमच्या स्लाइड्स तयार होत्या. कोणीतरी सवयीनं बटण दाबलं.

पुढचं मला नीट सांगता येईल की नाही माहीत नाही. मी तसा सगळ्याची थट्टा करणारा माणूस आहे. त्या भिंतीची मात्र मला अजून करता आलेली नाही.

भिंतीवर खडीपूर उमटलं. प्रोजेक्टरचा उजेड पाहुण्यांच्या अंगातून गेला आणि त्यांच्यात जे जे साठलं होतं ते बाहेर पडलं. दोन सूर्य होते, एक मोठा विझत आलेल्या निखाऱ्यासारखा, दुसरा बारीक आणि निळा. खाली मैदान, आणि मैदानभर ते उभे. कोणी आपल्या बोटाएवढे, कोणी देवळाएवढे. निळा सूर्य वर आला की त्याचा किरण एकाच्या काट्यातून निघून दुसऱ्यात शिरे, तिथून तिसऱ्यात, आणि सगळं मैदान हळूहळू पेटत जाई. ते बोलणं होतं. दूरवर डोंगरांची रांग होती. मग लक्षात आलं की ती रांग नाही, एकच जण आहे. इतका मोठा की त्याच्या या टोकाला कळलेलं त्या टोकाला अजून पोचलेलं नाही. एकाचं टोक चिरत गेलं आणि तुटून अलगद खाली आलं. तो जन्म. तुटलेल्या तुकड्याच्या पोटात आईचे सगळे थर जसेच्या तसे होते, तिच्या आईचेही. आणि त्या एवढ्या जगात कुठेही काही ओलं नव्हतं. पाणी नाही, ढग नाही, डोळ्यात यायला थेंब नाही.

सुचेता मॅडमच्या हातातल्या स्लाइड्स एकेक करून खाली पडत होत्या आणि त्या उचलत नव्हत्या.

अक्कांचे हात जोडलेले होते. एवढं काही पाहिल्यावर त्यांच्यासारखी बाई जे करेल तेच त्यांनी केलं. पुढे झाल्या, गुलाबदाणी उचलली, आणि पाहुण्यांवर मनापासून, लग्नात नवऱ्या मुलावर शिंपडतात तसं, तीनदा शिंपडलं.

भिंतीवरचं मैदान पाघळलं. आधी आम्हाला तो चित्राचाच भाग वाटला. मग गुणगुण खाली उतरली, ओल्या दोरीसारखी सैल झाली. पाहुण्यांचे काटे बोथट झाले, गेले. थेंब आत शिरत होते, तिथे आणखी पाणी सुटत होतं. नारळाचं मोसंबं झालं. मोसंब्याचं लिंबू व्हायला लागलं तेव्हा मी धावलो आणि रुमालात धरून त्यांना थाळीतून बाहेर काढलं. चांगलं टिपलं आणि रुमाल थाळीतच पिळला. हातात चिंचोक्यापेक्षा थोडं मोठं काहीतरी राहिलं होतं. कानाशी धरलं तर आत खूप लांबून, पाच घरांपलीकडे रेडिओ लागावा तसं, काहीतरी चालू होतं.

मॅडमनी विचारलं, कोणाला कळवायचं. हणमंतराव खुर्चीत बसले होते. त्यांना हे वर्षभर फोनवर ऐकून माहीत होतं, आम्हाला नव्हतं.

"कळवायला कोण नाही," ते म्हणाले. "ह्यांचं तिथं कोणी राहिलं नाही. आई होती ती फुटून गेली. आता ती ह्यांच्यातच आहे. मधोमध."

आम्ही सगळ्यांनी चिंचोक्याकडे पाहिलं.

गुलाबदाणी अक्कांनी पदराआड धरली होती, जशी काही ती पुन्हा कोणावर झडप घालेल.

आता माझी गोष्ट एका वाक्यात. माझ्या मावशीचा पुण्यात हलव्याच्या दागिन्यांचा धंदा आहे आणि लहानपणीचे सगळे हिवाळे मी तिच्या परातीपुढे काढलेत. इतर मुलं बॅट धरायला शिकली, मी तिळाला काटा आणायला शिकलो. मंद शेगडीवर परात, परातीत तीळ, वरून पाकाचे थेंब, आणि बोटांनी हळू हळू फिरवत राहायचं. घाई केली की काटा मोडतो. आच वाढली की तीळ गुळगुळीत होऊन बसतो, राजकारण्यासारखा. माझ्या बायोडेटात कोबोल होतं, सी होतं, हलवा नव्हता.

मी थाळीतल्या पाण्याकडे बोट दाखवून म्हणालो, "हेच पाहुणे आहेत. परत चढवता येतील."

"शंतनु, तू शुद्धीवर आहेस का?" मॅडमनी विचारलं.

मी म्हणालो, नक्की नाही, पण सांडू देऊ नका.

थाळी मांडीवर घेऊन आम्ही व्हॅननं बनशंकरीला गेलो. ड्रायव्हरनं एकाही खड्ड्यात चाक घातलं नाही. बंगळूरात हा चमत्कार त्या दिवशीचा दुसरा.

हणमंतरावांच्या स्वयंपाकघरात शेगडी मांडली. हलव्याला कोरडी थंडी लागते, म्हणून उजाडता उजाडता काम सुरू करायचं आणि ऊन चढलं की थांबायचं. परातीत पाहुण्यांचा चिंचोका. थाळीतलं पाणी मी चमच्याच्या टोकानं थेंब थेंब सोडत होतो आणि बोटाच्या टोकानं त्यांना फिरवत होतो. आच इतकी मंद की निखाऱ्याला झोप यावी. थेंब पडला की तो अंगावर पसरायचा, थरथरायचा, आणि मग विचार करून थांबल्यासारखा जागच्या जागी घट्ट व्हायचा.

माझी भीती वेगळीच होती. साखर कशीही चढली तरी साखरच असते. पण ह्या पाण्यात एका जगाच्या आठवणी होत्या आणि पाण्याला क्रम नसतो. कालचं परवाच्या आधी चढलं तर? मी हे हणमंतरावांना सांगितलं. त्यांनी थोडा विचार केला, पाट ओढून परातीशी बसले आणि फोनवर वर्षभर जे बोललं होतं ते पहिल्यापासून परत बोलायला लागले. "स्वल्प थांबा, अण्णा" इथून. मग कढीपत्ता. मग घड्याळ. मग शेजारच्यांनी भिंत त्यांच्या हद्दीत दोन विटा सरकवली त्याची पूर्ण हकीकत, मध्ये मी दोनदा शेगडीत कोळसा घालून आलो तरी ती चालूच. एकेक थेंब, एकेक वाक्य. पाहुण्यांची बाजूही स्वतःच बोलत. फक्त गुणगुण जमत नव्हती, तिथे हुंकार देत.

सुचेता मॅडम रोज स्कूटरवरून येऊन दारातून विचारायच्या, "स्टेटस?"

मी म्हणायचो, ओले आहेत.

त्या मान हलवून पंख्याचं बटण बंद आहे ना ते बघायच्या. एकदा मी पाहिलं, त्या परातीपुढे चपला काढून उभ्या होत्या.

अक्का आत येत नव्हत्या. स्वतःच्याच स्वयंपाकघराच्या उंबऱ्यावर, आमच्याकडे पाठ करून बसायच्या. स्वयंपाक शेजारणीकडून यायचा. गुलाबदाणी त्यांनी जुन्या लुगड्यात गुंडाळून माळ्यावर टाकली होती. मी एकदा चहाला म्हणून उठलो तेव्हा त्यांनी माझ्याकडे न बघता विचारलं, "दारात आलेल्याला मी मारलं की रे?"

मी उत्तरादाखल काहीतरी विनोदी बोलणार होतो. चहा न घेताच परत परातीपुढे जाऊन बसलो.

पाहुणे लिंबाएवढे झाले, मोसंब्याएवढे झाले, पण गुळगुळीत. काट्याचा पत्ता नाही, आवाजाचा पत्ता नाही. थाळीतलं पाणी तळाला गेलं. हणमंतरावांचं वर्षही संपत आलं होतं, ते नाचणीच्या शेतापर्यंत पोचले होते. काटा नसला तर आत कितीही चढवलं तरी त्यातलं एकही वर्ष झालेलं नाही, एवढं मलाही आता कळत होतं. मी समोर ठेवली होती ती एक सुंदर, गोल, गप्प वस्तू. शोकेसमध्ये शोभली असती.

संक्रांतीच्या दिवशी सकाळी मी शेवटचे थेंब सोडले. हणमंतरावांनी व्हॅनचा प्रवास सांगितला, वॉचमनचा सलाम सांगितला, आणि थांबले. पुढे गुलाबपाणी होतं. ते त्यांच्यानं बोलवेना. बायको उंबऱ्यावर होती.

मी बोट फिरवत राहिलो. मावशी म्हणायची, काटा दिसत नाही, आधी टोचतो.

बोटाला टोचलं.

मी हात काढला नाही. श्वासही हळू घेतला. पाहुण्यांच्या अंगावर, माझ्या बोटाच्या बाजूला, धुक्यात एखादं झाड दिसू लागावं तसा एक काटा वर येत होता. त्याच्या शेजारी दुसरा. मग सगळ्या अंगावर, पाऊस पडताना तळ्यावर थेंब उसळतात तसे, पण न मोडणारे. परातीचं पितळ वाजायला लागलं. मग पाट वाजला, मग खिडकीची जाळी, मग माझी दाढ. आयुष्यात दाढदुखीचा इतका आनंद मला कधी झाला नव्हता. ओट्यावरचे डबे एकेक करून त्या सुरात सामील होत गेले, सर्वांत शेवटी साखरेचा.

जाळीतून ऊन आलं आणि पाहुण्यांवर पडलं. समोरच्या भिंतीवर, जिथे अक्कांचं कॅलेंडर होतं तिथे, चित्र उमटलं. मैदान होतं, दोन सूर्य होते, डोंगराएवढा तो एकटा होता. सगळं जागच्या जागी. मग ते मागे सरकलं आणि सर्वांत वरचा थर आला, अगदी शेवटचा, जो हणमंतरावांनी सांगितलाच नव्हता.

त्यात अक्का होत्या. छतापर्यंत उंच. नऊवारी नेसलेल्या, हात उचललेला, हातात चंद्राएवढी गुलाबदाणी. आणि तिच्यातून थेंब पडत होते. पण ते आपण पाहतो तसे थेंब नव्हते. प्रत्येक थेंबात निळा आणि लाल असे दोन्ही सूर्य मावले होते, प्रत्येक थेंब हलत होता, आकार बदलत होता, आणि ज्या जगात काहीही कधीही वाहिलेलं नाही तिथून आलेलं कोणीतरी खालून, अगदी जवळून, ते येताना बघत होतं. त्यात भीती नव्हती. मी शोधली. कुठेच नव्हती.

"अक्का, मागे वळून बघा," मी म्हणालो.

त्यांनी वळून पाहिलं. बऱ्याच वेळानं उठल्या, आणि इतक्या दिवसांत पहिल्यांदा उंबरा ओलांडून आत आल्या. भिंतीवरच्या स्वतःच्या पायाशी त्या उभ्या राहिल्या.

परातीतून आवाज आला. बनशंकरीचीच मराठी, एकही शब्द इकडचा तिकडे न झालेली.

"अक्का, स्वल्प अजून."

हणमंतराव खाली मान घालून हसत होते की रडत होते ते कळलं नाही. नंतर त्यांची तक्रार मात्र स्पष्ट होती. वर्षभर फोन मी केले, सकाळी उठून बडबड मी केली, आणि पहिली हाक हिला.

अक्कांनी माझ्याकडे पाहिलं. त्या घरात हलव्यातला जाणकार मीच होतो. मी म्हणालो, एकच थेंब. त्यांनी माळ्यावरून लुगडं काढायला लावलं, त्याच्या घड्या सोडल्या आणि गुलाबदाणी काढली. ह्या वेळी त्यांनी ती शिंपडली नाही. बोट भिजवून ते पाहुण्यांवर धरलं. थेंब टोकाशी जमला, लोंबला, त्यात खिडकी उलटी दिसली, आणि पडला.

एक काटा विरघळला. सगळं घर त्याच्याकडे बघत होतं, दारात येऊन पोचलेल्या, हेल्मेट काखेत धरलेल्या मॅडमसुद्धा. मग तो त्याच जागी पुन्हा वर आला, पहिल्यापेक्षा कणभर उंच, आणि स्वयंपाकघरभर गुलाबाचा वास सुटला.

मॅडमनी स्टेटस विचारलं नाही.

माझे हात अजून परातीवरच होते. पाहुण्यांचा उजेड त्यांच्यावर पडला तेव्हा मला दिसलं की मनगटापासून कोपरापर्यंत माझ्या अंगावर काटा उभा आहे. पाहुण्यांनाही दिसला असावा, कारण गुणगुण थांबली. त्यांनी पुष्कळ वेळ माझ्या हातांकडे पाहिलं.

"अण्णा," ते अगदी हळू म्हणाले, "तुम्हाला एवढी वर्षं एकदम?"